घटाच्या घरची बाळंतीण

काय म्हटलं बे भूषण तू आत्ता फोनवर? "बाळंतपणात रक्त तर जाणारच, घाणच निघते ते, भेऊ नको." असंच म्हटलं ना? कोणं शिकवलं तुले हे? आजीनं? वा रे आजीचा नातू! बायकोले सातवा लागला अन् हा पठ्ठ्या जिनिंगच्या गेटावर बसून तिले डाक्टरकी सांगून राह्यला.

ठेव तो फोन खिशात. वैभव, तू बी ठेव. पऱ्हाटीच्या दोन काड्या टाक त्या शेकोटीत. आपल्यापुढं अजून लय गाड्या हायत, उजाडल्याबिगर आपला कापूस काही काट्यावर चढत नाही. बसा इथी. एक गोष्ट सांगतो. बनवलेली नाही. माही सख्खी भाची हाय ना पूनम, तिच्यावर बितलेली हाय. नर्स हाय ती, जैनथच्या पलीकडं, पैनगंगेच्या अंगाच्या एका गावात. गावाचं नाव मी घेत नाही. तिथी आपली सोयरीक हाय, लग्नाकार्यात तोंड दाखवा लागते.

यंदाची अष्टमी. दसऱ्याच्या दोन दिस अगोदर, मंगळवार. ध्यानात ठेवा.

पूनम त्या दिवशी अदिलाबादले गेल्ती, इंजेक्शनं आणाले. बाळंतपणानंतर रक्त थांबवाचं जे इंजेक्शन असते, ते थंडीत ठेवा लागते, नाही तर नुसतं पाणी होते त्याचं. म्हणून बर्फाचा निळा डबा मांडीवर घेऊन ती लखनच्या ॲपे ऑटोत बसली. लखन तुमाले ठाऊक हाय. बाकीच्या सवाऱ्या जैनथले उतरल्या. त्या सांजेले तेलंगी बायायची मोठी बतुकम्मा होती. चौकात फुलायचे ढीग मांडून बाया टाळ्या वाजवत फेर धरून राह्यल्या होत्या, रस्ता बंद. लखननं गाडी बंद केली. पूनम खाली उतरली अन् पाहत उभी राह्यली. मले म्हणे, मामा, त्या दिवशी लय दिवसानं बरं वाटलं होतं.

तिथून निघाले तर गावाच्या फाट्यावर एक माणूस बॅटरी घेऊन उभा. अनवाणी. फकिरा त्याचं नाव. चांगला माणूस, वाईट नाही. नऊ दिवस पायात चप्पल घालत नाही, त्याच्या घरी घट बसते ना, म्हणून.

"सिस्टर," म्हणे, "रुपा बाळंत झाली. पोरगी झाली. सगळं बरं हाय. जाता जाता नुसतं पाहून घ्या."

"कधी झाली? तिची तारीख तर दसऱ्यानंतरची होती. मले फोन काऊन नाही केला?"

"घाई झाली जी. दाईनं केलं. सगळं बरं हाय."

"एकशेआठले फोन केला?"

"सगळं बरं हाय म्हणतो ना जी."

आता पाहा. रुपा म्हणजे ह्या फकिराची एकुलती एक लेक. आजीनं वाढवलेली, फकिराच्या मायनं, ताराबाईनं. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून आली होती. नवरा नांदेडकडं कामाले. तिचं पोट दुखाले लागलं ते अष्टमीच्या दिवशी, घरात घट, देवापुढं अखंड दिवा, ताराबाईले कडक उपास. मग काय करावं? ताराबाईनं हिशेब लावला. लेक दिल्या घरची. तिच्या बाळंतपणाची सोयर आपल्याले लागत नाही. फक्त तिले शिवाचं नाही. शिवलं तर घट बाटते. म्हणून पोरीले घराबाहेर, मागच्या कापसाच्या खोलीत नेऊन टाकलं. गावातून दाई बोलावली. दाईनं बाळ काढलं, नाळ कापली, अन् आपल्या घरी आंघोळीले गेली.

देव काही म्हटला होता का बावा असं करा म्हणून? मले सांगा. मी बी घट बसवतो. माह्या देवानं मले कधी नाही सांगितलं.

पूनम अंगणात शिरली. ताराबाई पुढच्या दारात उभी, हात आडवा करून. "इकडून नका जाऊ सिस्टर, घट हाय. मांगून जा, मांगून."

गेली मांगून. खोलीत एक बारका बल्ब. खाली गोधडी, गोधडीवर रुपा. आंगाखाली धुतलेला कपडा. खोली सारवलेली. बाळ बाजूले कपड्यात गुंडाळून ठेवलेलं, झोपलेलं. पाहिलं तर सगळं साफ. दुसरी एखादी असती तर दारातूनच म्हटली असती, बरं हाय, अन् गेली असती घरी जेवाले.

पण पूनमनं रुपाच्या ओठाकडं पाहिलं. पांढरे फटक. कपाळाले हात लावला तर गार घाम.

"कपडे किती भिजले हिचे? कोठी हायत ते कपडे?"

ताराबाई बाहेरून म्हणे, "दाईनं उकिरड्यात पुरले. कुत्र्यानं ओढू नाही म्हणून. बाळामागची वारबी पुरली."

"वार पुरी पडली होती काय? कोणं पाहिली?"

"पुरीच असंल बाई. दाईनं पाहिली असंल."

"रक्त किती गेलं, आजी?"

"जाऊ द्या ना बाई. घाण निघून जावाच लागते. जेवढं गेलं तेवढं बरं. आंग मोकळं होते."

ऐकून राह्यला ना भूषण? हेच. हेच तू आत्ता बायकोले सांगितलं.

पूनमनं पोटावर हात ठेवला. मूल झाल्यावर ती आतली पिशवी आवळून यावा लागते. बेंबीच्या खाली हाताले कवठासारखी टणक लागावा लागते. आवळली, तर रक्ताच्या नसा दबतात अन् रक्त थांबते. नाही आवळली, तर नळ चालूच. इथी हाताले काहीच नाही लागलं. नुसतं भिजल्या कणकेवानी. तिनं जरा दाबलं… अन् तो धुतलेला कपडा एका झटक्यात लाल झाला.

मग काय! डबा उघडला, मांडीत इंजेक्शन दिलं. पेशाब काढली, कारण भरलेलं मूत्राशय पिशवीले आवळू देत नाही. बाळाले छातीशी लावलं, दूध ओढलं की पिशवी आवळते. सलाईन लावली. अन् एका हातानं पोट गोल गोल चोळून राह्यली. चोळलं की घट्ट होई. हात काढला की पुन्हा कणीक. एकशेआठले फोन लावला तर गाडी तामसीच्या पलीकडं दुसऱ्या बाळंतिणीले घेऊन गेलेली. म्हणे, तुमी निघा, वाटेत भेटू.

आता बाई एक अन् हात दोन. एक हात पोटावरून हलवता येत नाही. बाटली कोण धरंल? दुसरं इंजेक्शन कोण भरंल? बाळ कोण घेईल? अंगणात पाच-सहा बाया उभ्या. चुलती, शेजारीण, कोण कोण. पूनम आतून वरडली, "कोणीतरी आत या! नुसता हात ठेवाचा हाय पोटावर! मी दाखवतो कसा ठेवाचा!"

कोणीच नाही आलं.

"अवो चुलती, या ना!" चुलती म्हणे, उद्या माह्या घरी नवमीचा निवद हाय. शेजारीण म्हणे, माहा बी उपास हाय. सगळ्या पदर तोंडाले लावून उभ्या. रडूनबी राह्यल्या होत्या, हे पाहा! रडाले येते, हात लावाले येत नाही.

अरे, ह्याच बाया! म्हैस अडली तर कोपरापर्यंत हात घालतात. मी माह्या डोळ्यानं पाहिलं हाय. अन् पोरीच्या पोटावर हात ठेवाले देव आडवा येते. मले तर आजबी हे सांगताना टाळकं तापते.

पूनम दारातून ताराबाईले म्हणे, "आजी, तुमी वाढवली ना हिले? तुमची नात हाय. हात ठेवा."

ताराबाई म्हणे, "माय, तिच्यासाठीच नाही ठेवत. घट बाटला तर देवी हिचंच वाईट करंल. मले ठाऊक हाय." अन् आत गेली. दिव्यात तेल घालाले.

खोटं नव्हती बोलत ती. तिले खरंच तसं वाटे. म्हणूनच जास्त संताप येते.

शेवटी लखन अन् पूनमनं गोधडीची झोळी करून रुपाले उचललं अन् ऑटोत मांगच्या दोन सीटाच्या मधात खाली निजवलं. पाय वर सीटवर, उशाले काही नाही. बाळ तिच्या छातीशी ओढणीनं बांधलं. फकिरा पुढं लखनच्या बाजूले बसला. सलाईनची बाटली त्यानं आपल्या दुपट्ट्यानं वरच्या दांडीले बांधून टाकली. का, तर धरली अन् नळीतून विटाळ आला तर! घ्या.

निघाले.

तो रस्ता तुमी दिवसा पाहिला असंल. पावसानं पार खाऊन टाकलेला. दोन्ही बाजूनं कापूस, मधात खड्डे. पूनम रुपाच्या दोन पायाच्या मधात गुडघ्यावर. एक हात आतून, मूठ करून. दुसरा वरून, पोटावर. मधात ती पिशवी दाबून धरलेली. दुसरा उपाय उरला नव्हता. गाडी उसळली की हात सुटे. सुटला की ऊन ऊन रक्त मनगटावर. पुन्हा दाबे. तिच्या खांद्यात गोळे आले, बोटं बधिर झाली. सलाईन संपाले आली. दुसरं इंजेक्शन डब्यात, हाताच्या अंतरावर, पण घ्यावं कसं?

"फकिराभाऊ, मांगं या. एक हात ठेवा फक्त."

"सिस्टर… मी पुरुष माणूस."

"बाप हाव तुमी तिचे!"

"माह्या घरी घट हाय सिस्टर. तुमी दाबा ना. तुमाले येते."

पूनमनं त्याले जे काही सुनावलं ते तुमच्यासमोर नाही सांगत. तो मान खाली घालून पुढंच पाहत बसला. एकदाबी मांगं वळला नाही.

रुपा पुटपुटली, "सिस्टर… दिवा गेला काय?" डोळे उघडे होते तिचे. दिसत नव्हतं. नाडी हाताले लागे ना.

गावाच्या शिवेवर नाला हाय. नाल्याच्या अलीकडं त्या गावचा मसणवटा. टिनाचं छत, चार खांब. नाल्याचा पूल एका बाजूनं वाहून गेलेला, लोकायनं त्याच्यावर दगड मांडलेले. लखननं गाडी थांबवली. म्हणे, दगड सरकले, लावा लागतात, नाहीतर चाक जाईल. तो उतरला. फकिरा उतरला. दोघं मोबाईलच्या उजेडात पुढं गेले.

गाडी बंद. लाईट बंद.

अंधार… अन् बाळाचं बारीक रडणं.

पूनम म्हणे, मामा, माहा वरचा हात तवाच सुटला. मी ठेवत होतो, तो राहत नव्हता. मी रडाले लागलो. वरडलो बी नाही, कोणाले वरडाचं?

अन् तिच्या हाताच्या बाजूनं एक हात आला.

रुपाच्या पोटावर ठेवला गेला. बरोब्बर जागेवर.

पूनमले वाटलं, कोणी वावरातली बाई. कापसाले राखण असते, डुकराच्या भ्यानं लोक मुक्कामाले असतात. आवाज ऐकून आली असंल. पलीकडच्या अंगानं चढून सीटच्या कोपऱ्याले टेकली असंल. पूनमचा जीव भांड्यात पडला. "बरं केलं बाई. असंच. गोल फिरवा. जोरानं. सोडू नका, काही झालं तरी सोडू नका."

ती बाई हात फिरवाले लागली.

अन् जोर असा, की पूनमले आतल्या मुठीवर कळला. पिशवी आवळली. घट्ट. पूनमनं आपला वरचा हात काढून घेतला, दातानं झाकण काढलं, इंजेक्शन भरलं, दिलं. बाटली बदलली. पुढचे दोघं येऊन बसले. गाडी चालू झाली, पुलावरून हळूहळू निघाली.

बाळ रडाचं थांबलं.

"कोणत्या गावच्या तुमी?" पूनमनं विचारलं.

…

"इथं राखणीले हाव का?"

…

पुढून फकिरा म्हणे, "सिस्टर, कोणाशी बोलून राह्यल्या?"

पूनमले वाटलं, ह्याले मांगं पाहाले काय होते? तिले रक्त किती हाय ते पाहाचं होतं. मोबाईल दातात धरला अन् त्याचा उजेड खाली पाडला. रक्त… थांबत आलं होतं. थेंब थेंब.

मग तिनं तो हात पाहिला.

कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या. बांगड्या नव्या. नखाले हळद. हात गार. नाल्याच्या पाण्यात ठेवला असावा असा गार.

गाडी एवढी उसळून राह्यली. बांगड्या वाजत नव्हत्या.

पूनम म्हणे, मी उजेड वर केला, मामा. नव्हता कराचा.

हिरवं लुगडं. कोरं. घडी मोडलेली बी नाही. ओटी भरलेली. कपाळ… सगळं कपाळ कुंकवानं भरलेलं, कोणी मुठीनं फासावं तसं. तरणी बाई. रुपाएवढीच. मान खाली नव्हती तिची. रुपाकडं बी पाहत नव्हती.

ती फकिराच्या पाठीकडं पाहून राह्यली होती.

पापणी लवत नाही. काही नाही. नुसती पाहून राह्यली होती. अन् हात पोटावर गोल गोल.

"बाई…" पूनम म्हणे. "बाई, जरा हात काढता? पाहू द्या…"

हात नाही काढला.

फकिरा पुढं बसल्या बसल्या मान चोळाले लागला. म्हणे, "लखन, थंडी वाजून राह्यली बे. काच लाव." ॲपेले कुठची काच?

पूनमनं आपली आतली मूठ हलवली नाही. तिले दोन भेव होते. ही बाई हात ठेवते, ह्याचं एक. अन् ही बाई हात काढंल, ह्याचं दुसरं. म्हणे, मामा, दुसरं मोठं होतं.

एकशेआठ वाटेत भेटलीच नाही. सगळा रस्ता तो हात फिरत राह्यला. जैनथच्या चौकात बतुकम्माची फुलं पडलेली… अदिलाबादचे लाईट लागले… दवाखान्याचं गेट… स्ट्रेचर…

वॉर्डाचा लख्ख उजेड ऑटोत पडला. कोपऱ्यात कोणी नव्हतं.

डाक्टरीण बाईनं पोट दाबून पाहिलं. म्हणे, पिशवी तर दगडासारखी घट्ट हाय, अशी आणली म्हणून वाचली. वारीचा एक तुकडा आत राह्यला होता, तो काढला. दोन बाटल्या रक्त चढवलं. पहाटेले रुपानं पाणी मागितलं. वाचली पोरगी. दोघी वाचल्या.

डाक्टरीण बाईनं विचारलं, वरून कोणं दाबून धरलं? तुमी एकट्या?

पूनम म्हणे, "एक बाई होती सोबत."

लखन म्हणे, "कोणती बाई, ताई? गाडीत आपण होतो, हे फकिराभाऊ, रुपा अन् बाळ. बस."

उजाडल्यावर लखन गाडी धुवाले गेला. गोधडी काढली, रक्त धुतलं. अन् सीटच्या कोपऱ्याले, जिथी ती बाई टेकली होती, तिथी मोहरी सांडलेली. काळी मोहरी, ओंजळभर. लखन चिडला, म्हणे कोणत्या सवारीची पिशवी फाटली? पण काल बाजाराची सवारीच नव्हती. त्यानं ती एका कागदावर गोळा केली अन् पूनमले दाखवाले आणली. मोहरीत बारीक माती होती, खडे होते. रस्त्यावरून येचावी तशी.

तेवढ्यात पहिल्या बसनं ताराबाई आली. व्हरांड्यात पूनम, फकिरा, लखन. लखनच्या हातात तो कागद. ताराबाईनं मोहरी पाहिली अन् भिंतीले धरून खाली बसली.

"कोठी सापडली?"

पूनमनं सांगितलं. हिरवं लुगडं सांगितलं, बांगड्या सांगितल्या, कपाळ सांगितलं. फकिरा उभा होता, तो ऐकता ऐकता तोंडावर हात घेऊन कोपऱ्यात वळला. "बयना…" म्हणे. एवढंच.

बयना त्याची बायको. रुपाची माय. रुपा झाली त्याच रात्री गेली, त्याच कापसाच्या खोलीत. रक्त जाऊन जाऊन. तवाबी नवरात्र होतं काय, विचारू नका. नव्हतं. तवा दुसरं काही होतं. काही ना काही असतेच! मूठभर बाया तवाबी दारात उभ्या होत्या पदर लावून. ताराबाई त्यात पुढं.

अन् ओल्या बाळंतपणात मेलेली बाई लेकरासाठी घरी परत येते म्हणतात. म्हणून ताराबाईनं काय केलं, बयनाले हिरवं लुगडं नेसवून, कपाळ भरून नेलं, अन् वापस येताना मसणवट्यापासून घराच्या दारापर्यंत मोहरी फेकत आली. तिनं दाणा अन् दाणा येचावा. एक बी मांगं राह्यला तर तिले पुढं पाऊल टाकता येत नाही. अशी रीत हाय. तुमच्या आज्यायले विचारा, सांगतील.

वीस-बावीस वर्षं झाली त्याले. पावसात, चिखलात, बैलगाडीच्या चाकाखाली, डांबराखाली गेलेले दाणे. अन् ती येचून राह्यली होती.

पूनमले रडू आलं. ताराबाईनं डोळे पुसले. पूनमले वाटलं, आता तरी ही म्हातारी आत जाईल, नातीच्या डोक्यावरून हात फिरवंल. ताराबाईनं लखनच्या हातातून तो कागद घेतला. मोहरी पदरात बांधली. अन् म्हणे, "लखन, मले घरी सोड. जाताना ही फेकत जातो. ती पुन्हा निघाली घराकडं."

पूनम अशी वरडली की वॉर्डातली माणसं बाहेर आली. "अवो, तिनं वाचवली तुमची नात! तुमी कोणी हात नाही लावला, मेलेल्या बाईनं येऊन लावला! अन् पुन्हा तिचीच वाट अडवता? मोहरी फेकाले हात उठते तुमचा, पोरीले शिवाले नाही उठत?"

ताराबाई म्हणे, "तुले नाही समजाचं माय. आज पोटावर हात ठेवला. उद्या लेकरू मांगंल."

पूनमनं हात जोडले. फकिराकडं पाहिलं, हा तरी बोलंल. फकिरा फरशीकडं पाहत उभा. आता सांगा, कोणाच्या डोक्यावर दगड घालावा?

लखननं तिले नेली. तो स्वतः मले म्हणे, काका, नाल्यापासून म्हातारी ऑटोच्या बाहेर हात काढून चिमूट चिमूट फेकत होती. मसणवट्यापासून पार उंबऱ्यापर्यंत. शेवटचा दाणा टाकून तिनं पदर झटकला अन् घरात गेली. देवापुढं बसली. त्या रात्री घरात ती एकटीच. फकिरा दवाखान्यात. दार तिनं आतून लावलं, कडी घातली, वरून आडव्या लाकडाचा आडणा टाकला.

दुसऱ्या दिवशी, दसऱ्याच्या सकाळी, लखन बाळाचे कपडे घ्याले गेला. दार वाजवलं. आवाज नाही. पुन्हा वाजवलं. शेजारची माणसं आली, खिडकीतून हात घालून आडणा काढला.

ताराबाई जिती होती. घटासमोर भिंतीले पाठ लावून बसलेली, रात्रभर तशीच बसलेली, दिव्यातलं तेल संपलेलं. बोलत नव्हती. नुसती दाराकडं पाहून राह्यली होती.

पहिल्या वेळेस वीस-बावीस वर्षं लागली होती तिले. ह्या वेळेस एक रात्र.

मोहरीचा ढीग होता, ओंजळभर. हातानं नीट गोल केलेला.

उंबऱ्याच्या आत.